मिरोस्लाव्ह होर्निचेक : दर्शनी पडद्यापुढे उभा राहून बोलणारा नट

तिसरी घंटा

१९६७. मॉन्ट्रियलचं जागतिक प्रदर्शन. चेकोस्लोव्हाकियाच्या दालनात १२७ खुर्च्यांचं एक छोटं चित्रपटगृह आहे आणि प्रत्येक खुर्चीला दोन बटणं आहेत, एक हिरवं आणि एक तांबडं. पडद्यावर नोवाक नावाचा मध्यमवयीन गृहस्थ अडचणीत सापडलेला. शेजारची तरुण बाई नुसता टॉवेल गुंडाळून त्याच्या दारात उभी आहे, तिच्या घराचं दार मागे बंद होऊन बसलंय आणि नोवाकची बायको कुठल्याही क्षणी घरी पोचेल. बाईला आत घ्यायचं की नाही? इथे चित्र थांबतं, बाजूने एक माणूस रंगमंचावर चालत येतो, आणि तो नोवाकच असतो. तोच नट, हाडामांसाचा. तो प्रेक्षकांना विचारतो, मी काय करू? लोक बटण दाबतात, पडद्याभोवती दिवे लागतात, मोजणी होते आणि बहुमताने ठरलेला प्रसंग पुढे सुरू होतो.

हा नट म्हणजे मिरोस्लाव्ह होर्निचेक. त्याला इंग्रजी येत नव्हतं. सगळी वाक्यं त्याने उच्चारांनिशी पाठ केली होती, आणि तरीही सभागृह त्याच्या मुठीत असायचं.

परस्परसंवादी सिनेमाचा इतिहास सांगताना मॉन्ट्रियलच्या या प्रयोगाचं, 'किनोआउटोमाट'चं, नाव हमखास येतं. होर्निचेकचं नाव मात्र एका ओळीत उरकतात, 'प्रमुख भूमिकेत अमुक' एवढंच. मला हे खटकतं. तो रंगमंचावर येऊन जे करत होता ते मॉन्ट्रियलमध्ये शोधलेलं नव्हतं. प्रागच्या एका रंगमंचावर तो ते बरीच वर्षं करत आला होता आणि ती परंपरा त्याच्याही आधीची, १९२७ सालची. धागा त्यासाठी काढलाय.

थोडी पार्श्वभूमी. एप्रिल १९२७ मध्ये प्रागला कायद्याचं शिक्षण घेणाऱ्या दोन तरुणांनी 'वेस्ट पॉकेट रेव्ह्यू' नावाचा प्रयोग केला. यान वेरिख आणि यिर्झी व्होस्कोव्हेत्स. पडद्यामागे नेपथ्य बदलेपर्यंत हे दोघे पडद्यापुढच्या अरुंद पट्टीवर यायचे आणि बोलत राहायचे. मूळ नाटकाशी त्या बोलण्याचा फारसा संबंध नसे. लोकांना ते इतकं आवडलं की तेच त्यांच्या थिएटरचं मुख्य आकर्षण होऊन बसलं. त्या जागेला आणि त्या प्रकारालाही चेकमध्ये फोर्बीना म्हणतात. पुढे 'मुक्त रंगभूमी' या नावाने त्यांचं थिएटर गाजलं. यारोस्लाव्ह येझेक हा जवळजवळ आंधळा संगीतकार त्यांना जॅझच्या चाली देत असे. १९३२ च्या 'सीझर'पासून मुसोलिनी आणि हिटलर त्यांच्या टप्प्यात आले. म्युनिक करारानंतर, नोव्हेंबर १९३८ मध्ये, सरकारने थिएटर बंद केलं आणि जानेवारी १९३९ मध्ये ही मंडळी अमेरिकेला निघाली. येझेक तिथेच, न्यूयॉर्कमध्ये, १ जानेवारी १९४२ ला गेला.

युद्धानंतर दोघे परतले. १९४८ मध्ये कम्युनिस्टांनी सत्ता घेतल्यावर व्होस्कोव्हेत्सने पुन्हा देश सोडला, वेरिख राहिला. म्हणजे फोर्बीनावर आता एकच माणूस उरला, आणि हा प्रकार एकट्याचा नाहीच.

होर्निचेक इथे येतो. जन्म १० नोव्हेंबर १९१८, प्लझेन. तिथल्या रंगभूमीवर उमेदवारी, युद्ध संपल्यावर प्राग, तरुणांची उपहासात्मक थिएटरं, मग राष्ट्रीय रंगभूमी. वेरिखहून तेरा वर्षांनी लहान. पन्नाशीच्या दशकाच्या मध्यावर वेरिखच्या हाती नव्या एबीसी थिएटरची सूत्रं आली आणि त्याने जोडीला होर्निचेकला घेतलं.

पुढचं प्रतिसादांत लिहीन. कुणी त्याचं काही पाहिलं असेल तर जरूर सांगा.

मध्यंतर

उत्तम धागा. वेरिखचं नाव ऐकून होतो, होर्निचेकचं पहिल्यांदाच ऐकतोय.

फोर्बीना म्हणजे आपल्या तमाशातल्या बतावणीसारखं काही का? दोघांनी पुढे यायचं, एकाने विचारायचं, दुसऱ्याने फिरवून उत्तर द्यायचं, आणि त्यात गावातली ताजी भानगड आणायची?

तिसरी घंटा

@मध्यंतर, बरंचसं तसंच. ढाचा ठरलेला, आतला मजकूर त्या दिवशीचा. एक फरक मोठा आहे. फोर्बीनावर येणारे दोघे नाटकातली पात्रंही असतात आणि त्याच वेळी स्वतःही असतात. रोमन वेशात उभं राहून ते सकाळच्या वर्तमानपत्राबद्दल बोलतात, मग पडदा वर जातो आणि पुन्हा रोममध्ये शिरतात. नोवाकला पडद्यावर गोठवून होर्निचेक बाहेर येऊन बोलायचा, तेव्हा तो अगदी हेच करत होता.

वडगावकर

विषय आवडला, पण मला वेरिखची बाजू घ्यावीशी वाटते. होर्निचेक गुणी होता यात शंका नाही. पण त्या जोडीत वेरिख म्हणजे डोंगर. 'सम्राटाचा बेकर' या १९५१ च्या चित्रपटात सम्राट दुसरा रुडॉल्फ आणि त्याचा बेकर या दोन्ही भूमिका त्याने केल्या. मुलांसाठी कथा लिहिल्या आणि स्वतःच्या आवाजात वाचल्या. चेक घरांत आजही तो आवाज ऐकवतात. 'यू ओन्ली लिव्ह ट्वाइस' या बाँडपटात ब्लोफेल्डच्या भूमिकेसाठी आधी त्यालाच घेतलं होतं आणि थोडं चित्रीकरणही झालं होतं. मग त्याच्या जागी डोनाल्ड प्लेझन्स आला. खलनायक म्हणून फार प्रेमळ दिसतो, असं निर्मात्यांना वाटलं म्हणतात.

व्होस्कोव्हेत्सही कमी नाही. अमेरिकेत परतताना त्याला कित्येक महिने एलिस बेटावर, स्थलांतरितांच्या तपासणी केंद्रात, अडकवून ठेवलं होतं. तोच पुढे '१२ अँग्री मेन'मध्ये अकरा नंबरचा ज्युरर झाला, घड्याळं दुरुस्त करणारा तो निर्वासित.

अशा दोघांच्या मध्ये होर्निचेक बदली खेळाडू म्हणून आला. त्याला या परंपरेचा वारस म्हणणं मला जरा जास्त वाटतं.

तिसरी घंटा

@वडगावकर, तुम्ही दिलेली माहिती धाग्यात हवीच होती, आभार. मतभेद 'बदली खेळाडू' या शब्दांशी आहे.

त्याच्यापुढे काय होतं ते पाहा. एबीसी थिएटर प्रागच्या व्होदिच्कोव्हा रस्त्यावरच्या 'ऊ नोवाकू' या इमारतीत होतं. युद्धापूर्वी मुक्त रंगभूमीही तिथेच होती, त्याच सभागृहात. नाटकंही तीच: 'सीझर', 'चिंध्यांचं गाणं', 'जड बार्बोरा'. समोरच्या खुर्च्यांत असे लोक, ज्यांनी तरुणपणी इथेच वेरिखशेजारी व्होस्कोव्हेत्स पाहिलेला. त्यांच्या घरी जुन्या रेकॉर्ड होत्या, संवाद तोंडपाठ होते. इतक्या लोकांच्या आठवणीतल्या माणसाच्या जागी उभं राहायचं, दररोज.

अशा वेळी नट दोन गोष्टी करतो. एक तर आधीच्याची नक्कल करतो, नाहीतर मोठ्या माणसापुढे नुसता प्रश्न विचारणारा होऊन राहतो. होर्निचेकने तिसरीच वाट धरली. व्होस्कोव्हेत्स आणि वेरिख हे एकाच वयाचे, एकाच शाळेतले, बरोबरीचे मित्र. होर्निचेकने ती बरोबरी खोटी उभी केली नाही. तो धाकटा म्हणूनच उभा राहिला: सडपातळ, नेटका, वाक्य व्यवस्थित पूर्ण करणारा, खूप वाचलेला आणि ते वाचलेलं सांगायला उत्सुक. समोर वेरिख, अंगाने भरलेला, खर्जात बोलणारा, घाई नसलेला. धाकटा एक सिद्धांत मांडतो, थोरला त्यातला एकच शब्द उचलतो आणि त्या शब्दापाशी ठाण मांडून बसतो. धाकटा समजावून देऊ लागतो. दोन मिनिटांत दोघे अशा ठिकाणी पोचतात की परतीचा रस्ता दोघांनाही सापडत नाही.

ही घडण व्होस्कोव्हेत्सबरोबर नव्हती, ती होर्निचेकमुळे आली. वेरिख आणि होर्निचेकच्या या गप्पांच्या रेकॉर्ड निघाल्या आणि आजही ऐकल्या जातात. त्यात होर्निचेक ऐकतो कसा, तिकडे लक्ष द्या. वेरिख रेंगाळतो तेव्हा तो रिकामी जागा भरायला धावत नाही. विनोदी नटाला हे फार अवघड जातं.

१९६१ मध्ये वेरिखने एबीसी सोडलं आणि जोडी थांबली. होर्निचेक त्रेचाळिशीत होता. 'बदली' असता तर त्याची गोष्ट इथेच संपली असती.

प्राची_प्राग

मी गेली काही वर्षं प्रागमध्ये राहते, म्हणून थोडी भर.

किनोआउटोमाट इथे २००७ मध्ये पुन्हा दाखवायला सुरुवात झाली. मूळ कल्पना राडूझ चिन्चेरा यांची, आणि हा पुनर्प्रयोग त्यांच्या मुलीने, अलेना चिन्चेरोव्हाने, उभा केला. जागा स्व्हेतोझोर चित्रपटगृह. हे चित्रपटगृहही व्होदिच्कोव्हा रस्त्यावरच आहे, एबीसीपासून चालत दोन-तीन मिनिटांवर. हाकेच्या अंतरात होर्निचेकच्या आयुष्यातली दोन मोठी कामं.

मी एक प्रयोग पाहिलाय. होर्निचेकच्या जागी दुसरा सूत्रधार होता. चांगलं काम करत होता, पण एक गोष्ट जाणवली. तो प्रश्न विचारत होता, होर्निचेक स्वतःची अडचण सांगायचा. पडद्यावर जो माणूस संकटात आहे त्यानेच खाली उतरून 'आता काय करू' असं म्हणणं वेगळं. त्या क्षणी तुम्ही परीक्षक राहत नाही, त्या गोंधळात तुमचाही हात लागतो. सूत्रधार वेगळा माणूस असला की हे निसटतं.

बाकी, टॉवेलवाल्या बाईला आमच्या सभागृहाने मोठ्या बहुमताने आत घेतलं.

खिडकी

यातलं यंत्र कसं चालायचं ते कुणीच लिहिलं नाही, म्हणून मी लिहितो. मला त्यातच सगळ्यात जास्त रस आहे.

सिनेमात नऊ ठिकाणी मतदान होतं. दर वेळी दोन पर्याय. प्रत्येक निवडीने गोष्ट खरोखर वेगळी फुटत गेली असती तर शेवटी २ चा नववा घात, म्हणजे ५१२ वेगवेगळ्या गोष्टी झाल्या असत्या. एवढं चित्रीकरण कोण करणार? म्हणून पटकथा अशी बांधली की दोन्ही फांद्या पुढच्या थांब्यापाशी पुन्हा एकत्र येतात. बाईला आत घेतलं तरी गैरसमज, नाही घेतलं तरी गैरसमज. पोलिसाने हात केल्यावर गाडी थांबवली काय नि पळवली काय, नोवाक पोचतो त्याच जागी.

त्यामुळे तांत्रिक बाजू सोपी झाली. दोन प्रोजेक्टर एकाच वेळी, एकाच गतीने चालू. एकावर पर्याय अ, दुसऱ्यावर पर्याय ब. मतमोजणी झाली की चालक हरलेल्या प्रोजेक्टरच्या भिंगावर झाकण लावायचा आणि जिंकलेल्याचं काढायचा. बस. यात संगणक कुठेच नव्हता.

आणि सिनेमा सुरूच होतो नोवाकचं घर पेटलेलं दाखवून. शेवट आधी सांगितलाय. मतं कशीही पडोत, आग लागतेच.

आता होर्निचेककडे येऊ. ही सगळी बनवाबनवी टिकते कशावर? प्रेक्षकाला वाटत राहिलं पाहिजे की माझ्या बटणाने फरक पडतोय. यंत्र ते करू शकत नाही. रंगमंचावरचा माणूस निकालाने आनंदतो, धास्तावतो, मतदारांवर रुसतो, म्हणून लोकांना वाटतं आपण काहीतरी ठरवलं. नव्वदच्या दशकात चेक दूरदर्शनने हा सिनेमा दोन वाहिन्यांवर एकाच वेळी दाखवून पाहिला, एकीवर अ आणि दुसरीवर ब. तो प्रयोग फसला. घरबसल्या माणूस इकडून तिकडे वाहिनी बदलतो आणि दोन्ही रस्ते एकाच जागी जातात हे त्याला दिसतं. तिथे होर्निचेक खोलीत नव्हता.

मध्यंतर

@खिडकी, वा! भिंगावरच्या झाकणाचं वाचून फार मजा आली.

पण मग हा लोकशाहीवरचा उपहास झाला ना? मत द्या, काहीही द्या, घर जळणारच. कम्युनिस्ट देशाने सरकारी पैशाने असा सिनेमा काढून कॅनडात नेला, म्हणजे पाश्चात्त्य निवडणुकांची टिंगल करायला?

खिडकी

उपहास आहेच, चिन्चेरांचाही हेतू तोच होता. पण कुणाच्या लोकशाहीचा? चेकोस्लोव्हाकियात त्या काळी निवडणुका व्हायच्या आणि मतपत्रिकेवर राष्ट्रीय आघाडीची एकच यादी असायची. ज्या देशात मतदान म्हणजे एक उपचार, तिथल्या कलाकारांनी खुर्चीला दोन बटणं लावली आणि दोन्ही बटणं एकाच ठिकाणी नेली. मॉन्ट्रियलच्या प्रेक्षकाला ती गंमत वाटली असेल. प्रागच्या प्रेक्षकाला ती ओळखीची वाटणार. सरकारलाही हे कळलं असावं, कारण १९७० नंतरच्या काळात तिथे त्यावर बंदी आली.

वडगावकर

इथे एक सांगतो, कारण पुढचा प्रतिसाद कुणीतरी लिहिणारच की आगीचा तो शेवट म्हणजे ऑगस्ट १९६८ चं, सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये शिरले त्याचं, भाकीत. तसं म्हणू नये. सिनेमा १९६७ च्या आधी लिहिला आणि चित्रित केला गेला. त्या वेळी प्रागमध्ये वारं मोकळं होत चाललं होतं. लेखकांत पावेल युराचेक होता, दिग्दर्शनात चिन्चेरांबरोबर यान रोहाच आणि व्लादिमीर स्विटाचेक. साठच्या दशकातल्या चेक सिनेमाच्या आणि छोट्या रंगभूमीच्या भरात ही माणसं काम करत होती. रणगाडे आले म्हणून आधीच्या प्रत्येक विनोदात शोकांतिका शोधली तर त्या विनोदावर अन्याय होतो. ती लोकं मनापासून हसवत होती.

होर्निचेकबद्दलचं माझं मत मात्र या धाग्याने बदलतंय. ऐकणारा नट ही गोष्ट मी लक्षातच घेतली नव्हती. १९५९ चा 'काम चर्ट नेमूझे' पाहिला होता, सैतान आणि फाउस्टची गंमत असलेला, याना ह्लावाचोव्हाबरोबरचा. त्यात तो देखणा आणि मिश्कील दिसतो, पण तो तिथे सिनेमानट आहे. रंगमंचावरचा माणूस वेगळाच असणार.

तिसरी घंटा

@वडगावकर, १९६८ बद्दल पूर्ण सहमत.

आता दूरदर्शनवर येते. साठच्या दशकाच्या अखेरीला त्याचा 'होव्होरी हा' हा कार्यक्रम सुरू झाला. नावातलं शेवटचं अक्षर त्याच्या आडनावाचं. समोर प्रेक्षक, मंचावर होर्निचेक, आणि गप्पा. आज असे कार्यक्रम पैशाला पासरी आहेत, पण तेव्हाच्या चेकोस्लोव्हाक दूरदर्शनवर एक माणूस लिहून दिलेलं न वाचता लोकांशी मोकळं बोलतोय ही साधी गोष्ट नव्हती. आक्रमणानंतरचा तो काळ होता. १९६९ च्या एप्रिलमध्ये हुसाक पक्षप्रमुख झाला आणि 'सर्वसामान्यीकरण', म्हणजे पक्षाची पकड पुन्हा घट्ट करणं, सुरू झालं. पडद्यावर काय बोललं जाईल हे आधी माहीत असावं, असं सत्तेला वाटत होतं. होर्निचेकची सगळी कला मात्र पुढचं वाक्य आधी माहीत नसण्यावर उभी.

मला त्याच्या दूरदर्शनवरच्या कामातलं सगळ्यात आवडतं ते १९७२ चं. 'बिली येड्नौ द्वा पिसार्झी', म्हणजे 'एकेकाळी दोन कारकून होते'. फ्रेंच कादंबरीकार फ्लोबेरच्या अपुऱ्या राहिलेल्या कादंबरीवरची मालिका, दिग्दर्शक किनोआउटोमाटचाच यान रोहाच. होर्निचेक आणि यिर्झी सोवाक हे दोन कारकून. वारसाहक्काने पैसे मिळतात, दोघे शहर सोडून खेड्यात जातात आणि जगातलं एकेक शास्त्र शिकायला घेतात. शेती, वैद्यक, जे हाती येईल ते. पुस्तकं वाचून प्रयोग करतात आणि प्रत्येक प्रयोग बुडतो.

हीसुद्धा जोडीच, पण इथे होर्निचेकला वेरिखसारखा डोंगर नाही. सोवाक चिडका, जमिनीवरचा. होर्निचेक उत्साही, पुस्तकावर भाबडा विश्वास ठेवणारा. एबीसीत त्याने जो 'वाचलेलं सांगणारा धाकटा' उभा केला होता, तो इथे मध्यमवयीन झालाय आणि अजूनही पुस्तक उघडतोय. फ्लोबेर या दोघांना मूर्ख ठरवतो. होर्निचेकला तसं करवत नाही. त्याचा कारकून हरतो, पण त्याचं कुतूहल कुठेही हास्यास्पद होत नाही. माझ्या मते ही त्याची सर्वांत चांगली भूमिका.

मध्यंतर

म्हणजे वेरिख, मग मॉन्ट्रियलचे प्रेक्षक, मग सोवाक. त्याला कुणीतरी समोर लागायचंच?

तिसरी घंटा

हो, मला तरी तसंच दिसतं. साथीदार नसला की प्रेक्षकच साथीदार. उत्तरार्धात तो गावोगावच्या सभागृहांत लोकांशी गप्पांचे कार्यक्रम करत राहिला. नाटकं लिहिली, पुस्तकं लिहिली (मॉन्ट्रियलच्या दिवसांवरचं पुस्तक 'याव्होरोव्हे लिस्टी', म्हणजे मेपलची पानं), कोलाज केली. १५ फेब्रुवारी २००३ ला लिबेरेत्समध्ये गेला, चौऱ्याऐंशीव्या वर्षी.

प्राची_प्राग

प्लझेनबद्दल एक राहिलं. योझेफ स्कुपाचं कठपुतळी थिएटरही तिथलंच. श्पेइब्ल आणि हुर्विनेक, हट्टी बाप आणि चुरचुरीत मुलगा, यांचे संवाद होर्निचेकच्या लहानपणी त्या गावात जन्माला आले. स्कुपा दोन्ही आवाज एकटाच काढायचा, बापाचा जाड आणि मुलाचा किनरा. थोरला आणि धाकटा यांच्या संभाषणातून विनोद काढायचा, हे त्या गावच्या मुलाला नवीन नसणार.

तिसरी घंटा

@प्राची_प्राग, हे फारच महत्त्वाचं. मी या बाजूने विचारच केला नव्हता. वेरिखबरोबरच्या त्या रेकॉर्ड आता या कानांनी पुन्हा ऐकायला हव्यात.

खिडकी

चेक न येणाऱ्याने सुरुवात कशापासून करावी?

प्राची_प्राग

किनोआउटोमाटपासून. मॉन्ट्रियलसाठी बनवलेला असल्याने भाषेची अडचण कमी आहे आणि गोष्ट डोळ्यांनी कळते. त्यानंतर दोन कारकुनांची मालिका, सोवाकचे हावभावच पुरेसे बोलतात. वेरिखबरोबरच्या गप्पा शेवटी ऐका. त्यातल्या निम्म्या गमती चेक आल्याशिवाय पोचत नाहीत, पण दोघांमधली लय पहिल्या मिनिटात कानाला लागते. कुणाला ऐकायच्या असतील तर मला व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा, एखाद्या तुकड्याचं मराठी मी इथेच प्रतिसादात लिहून देईन.

वडगावकर

माझा हात वर. 'सीझर'मधला तुकडा घ्या.